सालोमनचा होकार

आंबवलेल्या माशाचा डबा फोडायचं काम हेल्मर कधी कुणाला देत नसे. हा मासा खायचा ऑगस्टातला ठरलेला गुरुवार आला की गोठ्याच्या मागे, वारा घरापासून दूर वाहतो त्या बाजूला टेबल मांडायचं, बादलीभर पाण्यात फुगलेला डबा बुडवायचा आणि पाण्याखालीच त्याला भोक पाडायचं. त्या दिवशीही त्यानं तसंच केलं. बुडबुडे वर आले, वास सुटला, कुत्रं अंगणाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन बसलं. पण हेल्मरचं लक्ष डब्यावर नव्हतं. ओसरीवर ठेवलेल्या बॅगेवर होतं.

बॅग त्याच्या थोरल्या भावाची, वाल्फ्रिदची. दुपारच्या बसनं तो स्टॉकहोमहून आला होता. पट्टे आवळून बांधलेली मोठी बॅग, आणि तिच्यावर घडी घालून ठेवलेला जाड, काळा कोट.

"कोट पाहिलास?" त्यानं बायकोला हळूच विचारलं.

गुनबोर्ग बटाट्यांचं पातेलं घेऊन आली होती. "पाहिला. अस्तर फाटलंय."

"अस्तराचं नाही विचारत मी. ऑगस्ट महिन्यात, दोन दिवसांच्या पाहुणचाराला हिवाळ्याचा कोट कोण आणतं?"

"राहायला आलेला माणूस आणतो," गुनबोर्ग म्हणाली. "मला बस थांबली तेव्हाच कळलं. ड्रायव्हर स्वतः उतरून बॅग काढून देत होता."

"कुठे राहणार तो?"

दोघांनीही अंगणापलीकडे पाहिलं. तिथे धाकटं घर होतं. दोन खोल्या, एक चूल, नदीकडे उघडणारी खिडकी. शेत हेल्मरच्या हाती देताना त्याच्या म्हाताऱ्या बापानं, सालोमननं, तेवढं घर आपल्या नावावर ठेवलं होतं आणि बायकोला, हुल्डाला, घेऊन तो तिथे राहायला गेला होता. हुल्डा त्याच घरात वारली. त्यानंतर म्हातारा मोठ्या घरातल्या स्वयंपाकघराशेजारच्या खोलीत आला, आणि दोन हिवाळे झाले तरी तिकडची चूल पेटली नव्हती.

"ते घर मायवोरचं आहे," हेल्मर म्हणाला. मायवोर त्यांची मुलगी. थंडी पडण्याआधी तिचं लग्न व्हायचं होतं, कागदाच्या गिरणीत काम करणाऱ्या रूनेशी.

"असं कोण म्हणालं?"

"म्हणायला कशाला हवं? सगळ्यांना माहीत आहे."

गुनबोर्गनं पातेल्यावर फडकं टाकलं आणि ती कांदा चिरायला निघून गेली. चाळीस वर्षं स्टॉकहोमात मजा करायची, हेल्मर मनाशी म्हणाला, आणि दात पडायला लागले की आयत्या घरात यायचं. त्यानं डबा पाण्यातून काढला आणि गरजेपेक्षा जास्त जोर लावून झाकण कापलं.

*

टेबलाच्या टोकाला सालोमन बसला होता. नव्वदीला टेकलेला, पण पाठ ताठ. त्याच्या उजव्या हाताला टेक्ला, त्याची मुलगी. ती क्रामफोर्सला शिवणकाम करायची आणि या जेवणाला न चुकता यायची. तिच्या शेजारी वाल्फ्रिद.

"बाबांना आणखी एक बटाटा देऊ का?" टेक्लानं विचारलं. आमच्याकडे बापाला तू किंवा तुम्ही म्हणून तोंडावर बोलायची रीत नव्हती. बापाबद्दल बोलावं तसं बापाशी बोलायचं.

सालोमननं मान हलवली. तिनं बटाटा सोलून त्याच्या ताटलीत ठेवला.

वाल्फ्रिद जवाच्या पातळ भाकरीला लोणी लावत होता. भाकरी आकाराला मोठी, हातात मोडणारी. लहानपणी आईनं शिकवलं होतं, मोडलेला तुकडा लोण्यानं जोडायचा. ते हाताच्या अजून लक्षात होतं, याचं त्याला बरं वाटलं. बाकी पुष्कळ गोष्टी हाताबाहेर गेल्या होत्या.

पडद्यावर त्याचं नाव वाल्टर नूर. वाल्फ्रिद हे दुधाचे कॅन वाहणाऱ्याचं नाव वाटतं असं स्टुडिओतल्या माणसानं सांगितलं होतं, आणि मग त्याच माणसानं त्याला दुधाचे कॅन वाहणाऱ्याची भूमिका दिली होती. पुढे पोस्टमन, चर्चची घंटा वाजवणारा, फौजदाराचा मदतनीस, नदीत पडणारा दारुडा. जाहिरातीच्या कागदावर त्याचं नाव तळाशी, कपडेपटवाल्याच्या जरा वर. पण एका चित्रपटानं त्याला ओळख दिली होती. 'नावाड्याचं लग्न'.

त्यात तो उत्तरेतला नावाडी होता. लग्नाच्या वेळी पाद्री विचारतो, ही स्त्री तुला पत्नी म्हणून मान्य आहे का? नावाडी आपल्या गावच्या पद्धतीनं होकार देतो, म्हणजे तोंडानं 'हो' न म्हणता नुसता श्वास आत ओढतो. डावा खांदा वर, डोळे किंचित मिटलेले, आणि ओठांतून आत जाणारा वारा. पाद्री दक्षिणेकडचा. त्याला ऐकू येत नाही. तो पुन्हा विचारतो. नावाडी पुन्हा श्वास ओढतो. तिसऱ्यांदा विचारतो तेव्हा पाद्री घाबरून पाणी मागवतो. स्टॉकहोमची थिएटरं हसून हसून रडली होती.

त्यानंतर प्रत्येक दिग्दर्शक म्हणायचा, "वाल्टर, ते आपलं ते कर ना, श्वासाचं." आणि वाल्टर करायचा.

एकदाच वेगळं घडलं होतं. एका तरुण दिग्दर्शकानं त्याला खरी भूमिका दिली. ओंडके वाहून नेणाऱ्या नदीत मुलगा गमावलेला बाप. वाल्फ्रिदनं त्यासाठी स्वतःला पिळून काढलं. थडग्यापाशी पाद्री विचारतो, हा तुझाच मुलगा ना? आणि बाप श्वास आत ओढतो. दुसरं काही त्याला सुचलंच नव्हतं, आमच्याकडचा बाप दुसरं काय करणार? पहिल्या खेळाला, त्या जागी, सगळं थिएटर हसलं. दिग्दर्शकानं बापाचा प्रसंग कापून टाकला. पुढे टेलिव्हिजन आलं, तसले विनोदी चित्रपट बंद पडले, आणि शेवटी राहिली ती एक कॉफीची जाहिरात. चित्रपटाआधी दाखवतात तसली. पत्नी विचारते, आणखी एक कप? आणि म्हातारा वाल्टर नूर श्वास ओढतो.

हे सगळं त्यानं कुणाला सांगितलं नव्हतं. टेक्लाला तेवढं कळवलं होतं की भाड्याची खोली सोडली आहे, आणि बाबांची हरकत नसेल तर धाकट्या घरात राहीन म्हणतो. टेक्लानं उत्तर दिलं होतं, ये, मी बाजू घेईन.

"वाल्फ्रिद काका," मायवोर समोरून म्हणाली. ती एकोणीस वर्षांची, गालावर खळी पडणारी. "आमच्या गिरणीच्या थिएटरात तुमची कॉफीची जाहिरात लागली होती. रूनेला मी म्हटलं, हे माझे काका, तर त्याला खरं वाटेना."

"का, मी काय एवढा वाईट दिसतो?"

"तुम्ही फार श्रीमंत दिसता त्यात! चांदीची किटली आणि काय काय."

"ती किटली त्याच दिवशी दुकानात परत गेली," वाल्फ्रिद म्हणाला, आणि मायवोर खळखळून हसली. त्याला एकदम तरुण झाल्यासारखं वाटलं. इतक्या दिवसांत कुणी त्याच्याकडे पाहून हसलं नव्हतं.

"करा ना काका, एकदा. इथे करा. मी विचारते हं. नूर साहेब, आणखी एक कप?"

"मायवोर," टेक्ला म्हणाली. पण वाल्फ्रिदनं तिकडे लक्ष दिलं नाही. त्यानं पेला खाली ठेवला, डावा खांदा उचलला, डोळे मिटले, आणि श्वास आत ओढला.

मायवोर टाळ्या वाजवून हसली. ती एकटीच.

गुनबोर्ग ताटलीकडे पाहत होती. हेल्मरची सुरी हातात तशीच थांबली होती. टेबलाच्या टोकाशी सालोमननं भाकरीचा उरलेला तुकडा नीट बाजूला ठेवला, टोपी घेतली, आणि तो उठला.

"बाबा कॉफीला थांबणार नाहीत?" टेक्लानं विचारलं.

"नाही," सालोमन म्हणाला. तो काठी टेकत नदीच्या उताराकडे, बाकाकडे गेला.

*

"आता झालं समाधान?" हेल्मर म्हणाला.

तो आणि वाल्फ्रिद लाकडाच्या शेडपाशी उभे होते. टेक्ला त्यांच्या मागोमाग आली होती. दोघांना एकटं सोडायची तिची तयारी नव्हती. दोघे लहान असतानाही ती अशीच मध्ये उभी राहायची, कारण हेल्मर आधी मारायचा आणि मग विचारायचा.

"मी काय केलं?" वाल्फ्रिद म्हणाला. "पोरीनं विचारलं, मी करून दाखवलं. तुला माझा राग धाकट्या घरासाठी आहे, तर सरळ तसं म्हण."

"त्यासाठी तर आहेच. पण हे वेगळं. बापाच्या तोंडावर बापाची नक्कल करतोस, आणि विचारतोस काय केलं."

"नक्कल? अरे, सगळं गाव असंच हो म्हणतं. तूही म्हणतोस."

"सगळं गाव श्वास ओढतं. पण तो खांदा कुणाचा आहे? डोळे मिटणं कुणाचं आहे? ते गावाचं नाही, ते बाबांचं."

"बाबा कधी काही बोलले नाहीत," वाल्फ्रिद म्हणाला.

"बोलले नाहीत म्हणून तू समजलास की आवडलं?"

"मग काय समजणार? या घरात न बोलणं म्हणजे ठीक आहे असंच असतं ना? आईनं जेवण केलं आणि कुणी काही बोललं नाही, तर आई समजायची की चांगलं झालंय. मी तरी दुसरं कुठून शिकणार?"

हे खरं होतं. टेक्लाला ते नाकारता आलं नाही. हेल्मरलाही आलं नसावं, कारण त्यानं बुटानं लाकडाचा एक तुकडा उलटा केला आणि आवाज खाली आणला.

"तो चित्रपट गावच्या सभागृहात आला होता," तो म्हणाला. "फिरता प्रोजेक्टर घेऊन माणूस आला होता. तुला टेक्लानं कळवलं असेल."

"कळवलं होतं. सभागृह भरून गेलं होतं म्हणून."

"भरून गेलं होतं. बाबा चर्चला जायचा कोट घालून आले होते. पहिल्या रांगेत बसले. शेजाऱ्याला सांगत होते, माझा मुलगा आहे. मग तू तो श्वास घेतलास. पहिल्यांदा बाबा स्वतः हसले, ओळखीचं काही दिसल्यासारखे. दुसऱ्यांदा मागचे लोक हसले. तिसऱ्यांदा माणसं पडद्याकडे पाहत नव्हती, बाबांकडे पाहत होती. वाल्फ्रिद, आपण सगळे तसेच बोलतो, पण त्या दिवशी सगळ्यांना ते एका माणसावर ढकलून मोकळं व्हायचं होतं."

"मग?"

"मग दुसऱ्या दिवशी नदीवर, ओंडक्यांच्या कामावर. मुकादमानं विचारलं, सालोमन, बांध लावला का? आणि ओंडके अडवणारी सगळी माणसं आकड्यांच्या काठ्या खाली टेकून थांबली. ऐकायला. बाबांनी मान हलवली. त्यानंतर पुन्हा कधी त्यांनी तसा होकार दिला नाही. नाही म्हणायचं असलं की म्हणतात. हो म्हणायचं असलं की मान."

वाल्फ्रिद हसायला गेला आणि थांबला. "इतकी वर्षं?"

"इतकी वर्षं."

"पण मी येत होतो ना. उन्हाळ्यात, नाताळात. मला दिसलं नाही." त्यानं टेक्लाकडे पाहिलं. "माणसं कशी वागतात ते बघून मी पोट भरलं, टेक्ला. मला कसं दिसलं नाही?"

टेक्ला त्याची बाजू घ्यायला आली होती. त्याचे फोटो तिनं शिवणयंत्राच्या खणात जपून ठेवले होते, गिऱ्हाइकांना दाखवले होते. पण त्याच्या चेहऱ्याकडे पाहताना तिला वाटलं, हा अजूनही स्वतःबद्दलच बोलतोय. आणि इतके दिवस जे तिनं हेल्मरलासुद्धा सांगितलं नव्हतं, ते तिच्या तोंडून निघालं.

"आई जायच्या आदल्या रात्री मी धाकट्या घरात होते," ती म्हणाली. "तिचे डोळे तोवर पूर्ण गेले होते. बाबा पलंगाच्या पायथ्याशी बसले होते. आईनं विचारलं, सालोमन, आहेस ना? बाबांनी मान हलवली."

हेल्मर वळला. "टेक्ला, हे तू मला..."

"ऐक. आईनं पुन्हा विचारलं, आहेस ना? बाबांनी पुन्हा मान हलवली. त्यांना कळत होतं की तिला दिसत नाही. मी पाहत होते ना त्यांच्याकडे. त्यांचा खांदा वर जायला लागला, छाती भरली, आणि तिथेच अडलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा ते उठले आणि त्यांनी तिच्या गालावर हात ठेवला. आई म्हणाली, हात कळतो रे मला. मला ऐकायचं होतं."

पलीकडे गुनबोर्ग भांडी गोळा करत होती, त्याचा आवाज येत होता.

"तुमच्या चित्रपटात पाद्री तीनदा विचारतो ना?" टेक्ला म्हणाली. ती त्याला कधी तुम्ही म्हणत नसे. "मला ते आता बघवत नाही."

वाल्फ्रिद लाकडांच्या थप्पीवर बसला. त्याला काहीतरी बोलायचं होतं, पण जे सुचत होतं ते सगळं कुठल्या ना कुठल्या भूमिकेतलं वाटत होतं. थोड्या वेळानं तो म्हणाला, "उद्या सकाळची बस किती वाजता असते?"

हेल्मरला हेच तर हवं होतं. पण आता ते हातात आल्यावर त्याला ते धरावंसं वाटेना.

"बसचं काय एवढं," तो पुटपुटला. "जेवण तरी पुरं कर."

*

घर कुणाचं हा प्रश्न भलत्याच ठिकाणी सुटला. तिघे परत आले तेव्हा गुनबोर्ग टेबल पुसत होती आणि मायवोर रडून लाल झालेले डोळे घेऊन समोर उभी होती. आईनं तिला बहुतेक सगळं सांगितलं होतं.

"मला काय माहीत?" ती म्हणाली. "मला कुणी सांगितलंच नाही! आजोबा मान हलवतात, मला वाटलं म्हातारे लोक हलवतात तशी हलवतात."

"तुझी चूक नाही," वाल्फ्रिद म्हणाला. "आणि मी चाललोय. धाकट्या घरात तू आणि रूने सुखानं राहा."

मायवोरनं आईकडे पाहिलं. गुनबोर्गनं फडकं पिळलं.

"सांग आता," ती मुलीला म्हणाली. "नाहीतर मी सांगते."

"बाबा," मायवोर हेल्मरला म्हणाली, "आम्हाला गिरणीची खोली मिळालीये. तिसऱ्या मजल्यावर. नळाला गरम पाणी येतं."

"गरम पाणी?" हेल्मर म्हणाला.

"आणि संडास घरात."

"मी त्या घराचं छप्पर नीट केलं या वसंतात. कुणासाठी केलं?"

"मला वाटलं छप्पर गळत होतं म्हणून केलं," मायवोर म्हणाली.

गुनबोर्ग हसू दाबायला वळली, पण तिचे खांदे हलत होते. टेक्लालाही हसू आलं, आणि हसताहसता तिनं डोळे पुसले. हेल्मर खुर्चीवर बसला आणि त्यानं स्वतःसाठी दारूचा छोटा पेला भरला.

"या घरात मला कुणी काही सांगतच नाही," तो म्हणाला.

"तू विचारतोस कुठे?" गुनबोर्ग म्हणाली. मग ती वाल्फ्रिदकडे वळली. दुपारपासून ती त्याच्याशी जेमतेम बोलली होती. "भावोजी, त्या घराला चूल पेटवणारं कुणी नसलं तर आणखी दोन हिवाळ्यांत भिंती सडतील. पण घर बाबांचं आहे. मी हो म्हणून उपयोग नाही, हेल्मरनं म्हणूनही नाही. जा आणि विचारा."

"त्यांना काय विचारू? मला तोंड आहे का विचारायला?"

"ते मला माहीत नाही. पण सकाळची बस पकडून पळालात तर मी तुमचा कोट इथेच ठेवून घेईन. अस्तर शिवायचं आहे त्याचं."

*

सालोमननं मुलाला उतार उतरताना पाहिलं. डोक्यावर टोपी नाही, हात खिशात. चालताना उजवा पाय जरा बाहेर पडतो. हुल्डाचा बापही असाच चालायचा. नदीत आता ओंडके कमी होते. पूर्वी या दिवसांत पाणी दिसायचं नाही. म्हाताऱ्यानं काठी बाजूला केली आणि बाकावर जागा झाली.

वाल्फ्रिद बसला.

"हेल्मरनं सांगितलं," वाल्फ्रिद म्हणाला. "टेक्लानंही."

सालोमननं मान हलवली.

"मला माहीत नव्हतं, बाबा."

"तू काम चांगलं केलं होतंस," सालोमन म्हणाला.

वाल्फ्रिदनं चमकून पाहिलं. बापानं त्याच्या कामाबद्दल आजवर एक शब्द काढला नव्हता.

"माणसं हसली याचं मला काही नाही," म्हातारा सांगत होता, हळूहळू, एकेक शब्द उचलून ठेवावा तसा. "माणसं हसतात. पण माझा खांदा वर जातो हे मला माहीत नव्हतं. साठीत होतो मी, आणि मला माहीत नव्हतं. तिथे पडद्यावर पहिल्यांदा पाहिलं. मग जेव्हा जेव्हा श्वास यायचा, मी स्वतःच पहिल्या रांगेत जाऊन बसायचो. बघायचो, आता खांदा जातोय, आता डोळे मिटताहेत. असं बघत बघत कुणाला हो म्हणता येत नाही."

"आईला सुद्धा..."

"हुल्डाचं बोलू नकोस."

"नाही बोलत."

नदीपलीकडे कुणीतरी गाई हाकलत होतं. वाल्फ्रिदनं हात खिशातून काढले. त्याला वाटलं माफी मागावी, पण माफी मागणाऱ्या माणसाच्याही त्यानं तीन-चार भूमिका केल्या होत्या. म्हणून त्यानं तेवढंच विचारलं जे विचारायला तो आला होता.

"बाबांची हरकत नसेल तर मी धाकट्या घरात राहीन. माझी खोली मी सोडलीये. तिकडे आता काम नाही."

सालोमननं काठी पुन्हा हातात घेतली. मग म्हणाला, "तो होकार तुझ्याकडे आहे ना अजून?"

"कोणता?"

"माझा. तू नेलास तो. तूच म्हण. माझ्यासाठी म्हण."

वाल्फ्रिदला आधी कळलं नाही. कळलं तेव्हा तो सरळ बसला. त्यानं खांदा उचलला. हजारदा केलेलं काम, शरीर आपोआप करत होतं. डोळे मिटले. श्वास आत ओढला. तो बरोबर झाला, अगदी बरोबर, आणि त्याच्या शेवटी एक छोटी जागा रिकामी राहिली. कुठल्याशा नाटकमंडळीत पोरवयात शिकलेली. प्रेक्षकांच्या हसण्यासाठी सोडलेली जागा. ती त्याला बुजवता येईना. तो तिथेच थांबून राहिला, तोंड किंचित उघडं ठेवून, आणि हसायला कुणी नव्हतं.

"माझ्याकडेही नाही तो आता," तो म्हणाला. "मी वापरून वापरून संपवला, बाबा."

सालोमननं त्याच्याकडे पाहिलं. मग खिशात हात घातला. किल्ली तिथे होती. हुल्डा गेल्यापासून ती त्याच्या खिशातच असायची, याची घरात कुणाला कल्पना नव्हती. त्यानं ती बाकावर दोघांच्या मध्ये ठेवली आणि मान हलवली. वाल्फ्रिदनंही मान हलवली.

वरून गुनबोर्गची हाक आली. "कॉफी झालीये! खाली आणून देऊ का दोघांना?"

दोघांनी मान हलवली. उतारावरची अल्डरची झाडं मध्ये होती. तिला काही दिसलं नाही.

"अहो, आणू का खाली?"

मायवोर उताराच्या मध्यावर उभी होती. आजोबांची माफी मागायला ती निघाली होती आणि दोघांना बोलताना पाहून तिथेच थांबली होती. तिनं बाकाकडे पाहिलं, दोन हलणारी डोकी पाहिली, आणि वळून आईला उत्तर दिलं. डावा खांदा वर गेला. डोळे किंचित मिटले. आणि ओठांतून वारा आत गेला, स्पष्ट, मोकळा, वरच्या अंगणापर्यंत ऐकू जाईल असा.

"बरं," गुनबोर्ग म्हणाली आणि आत गेली.

मायवोरही तिच्यामागे कप आणायला धावली. आपण काय केलं ते तिच्या गावीही नव्हतं.

वाल्फ्रिदनं श्वास रोखून धरला होता. आयुष्यभराच्या सवयीनं त्याचा खांदा नकळत हलला, पाहिलेलं उचलून ठेवायला. सालोमनचा हात त्या खांद्यावर पडला आणि त्यानं तो खाली दाबून धरला.

"तिला सांगू नकोस," म्हातारा म्हणाला.